स्कोलिमोव्स्की कुठून सुरू करू? (३ संध्याकाळी, ३०० रुपये)

मध्यांतर: पोलिश दिग्दर्शक जेर्झी स्कोलिमोव्स्कीचे सिनेमे बघायचेत. लेखन, दिग्दर्शन, अभिनय तिन्ही त्याचंच असेल असे सुचवा. बजेट ३०० रुपये. इंग्रजी सबटायटल्स हवीतच.

लांबशॉट: आधी नाव. जेर्झी नव्हे, येझी.
'रिसॉपिस'पासून (१९६४) सुरुवात करा. पोलंडमधल्या वूच शहरातल्या फिल्म स्कूलमध्ये सरावासाठी मिळणारी कच्ची फिल्म त्याने अशा बेताने वापरली की तुकडे जोडून अख्खा सिनेमा झाला. लष्करात जाण्याआधीचे एका तरुणाचे काही तास, एवढीच गोष्ट. मग 'वाल्कोवेर' (१९६५). नायक तोच, लेश्चित्स, आता बॉक्सिंगच्या रिंगणात. चालत्या रेल्वेतून उडी मारणारा स्कोलिमोव्स्की स्वतः आहे. 'बारिएरा' मात्र अटीत बसत नाही, त्यात नायक यान नोविट्स्की.

डबाबाटली: 'डीप एंड' (१९७०). बीएफआयची (ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटची) ब्लू-रे घ्या, रंग बघण्यासारखे आहेत. ३०० मध्ये येणार नाही, पण एकदाच घ्यायची असते.

कट्टेकरी: ब्लू-रेला प्रदेशाचं कुलूप असतं. ब्रिटिश डिस्क सहसा रीजन बी (युरोप), आपल्याकडचे प्लेअर रीजन सी. मल्टिरीजन प्लेअर नसेल तर चहाचा कप ठेवायला बरी. पाल (युरोपातली टीव्ही-पद्धत) डीव्हीडीचं वेगळंच, सेकंदाला २४ ऐवजी २५ फ्रेम्सने पळते. दीड तासाचा सिनेमा साडेतीन मिनिटांनी आखूड होतो आणि आवाज किंचित चिरका.

डबाबाटली: कानाला कळत नाही हो तेवढं.

कट्टेकरी: पियानो ऐका, कळेल.

तिसरीघंटा: 'ईओ' (२०२२) बघा! कान चित्रपट महोत्सवात ज्युरी पारितोषिक, ऑस्कर नामांकन. एका गाढवाच्या भूमिकेत सहा गाढवं.

लांबशॉट: अभिनय दिग्दर्शकाचा हवाय, गाढवांचा नाही. धागा वाचा.

पॉपकॉर्नवाला: अभिनयच हवा तर 'ईस्टर्न प्रॉमिसेस'मधला स्तेपानकाका. नाहीतर 'द अ‍ॅव्हेंजर्स', ब्लॅक विडोला खुर्चीला बांधून चौकशी करणारा रशियन हाच.

लांबशॉट: ह्याला करिअर बघणं म्हणत नाहीत.

रीळबदलू: तिन्ही गोष्टी एकत्र हव्यात तर 'हँड्स अप' विसरू नका. फक्त आवृत्ती सांभाळा. १९६७ साली केलेला हा सिनेमा स्टालिनच्या चार डोळ्यांच्या पोस्टरपायी सेन्सॉरमध्ये अडकला. १९८१ मध्ये रंगीत प्रस्तावना जोडून काढला. सुरुवातीला बैरूत दिसलं की चुकीची फाइल समजून बंद करू नका, पंधरा-वीस मिनिटं धीर धरा.
'मूनलाइटिंग'मध्येही (१९८२) हाच घोळ होतो. लंडनमध्ये घर दुरुस्त करायला आलेले पोलिश मजूर आपसांत बोलतात त्याला सबटायटल्स नाहीत, आणि लोक तासभर दुसरी फाइल शोधत बसतात. मुद्दामच नाहीत. फोरमनचं मनोगत इंग्रजीत आहे, गोष्ट त्यावर चालते. मायदेशी मार्शल लॉ (लष्करी राजवट) लागलाय हे तो मजुरांपासून लपवतो, १३ डिसेंबर १९८१ ही तारीख डोक्यात ठेवून बघा. मार्शल लॉ डिसेंबरात, सिनेमा मे महिन्यात कानला हजर, आणि पटकथेचं पारितोषिक घेऊन परत.

डबाबाटली: आणि मल्टिरीजन प्लेअर एकदा घेतला की कायमचा प्रश्न मिटतो.

मध्यांतर: सगळ्यांचे आभार. शेवटी 'द लाइटशिप' (१९८५) ठरवलाय. त्यात तो दिसत नाही, कळलंय. रॉबर्ट ड्युव्हाल आहे.

लांबशॉट: मग विचारलंत कशाला?

उशिरालतीफ: 'ईओ' कोणी सुचवला का? गाढवाचा आहे, छान आहे.