ताप आणून आईबाबा परत येत नाहीत

आईबाबा वेगळे होण्याच्या गोष्टी मुलांना वाचायला द्याव्यात का, यावर कुणी म्हणतं, “अशी पुस्तकं दिली की मुलांच्या डोक्यात नसत्या शंका शिरतात.” हे मला पटत नाही. दोन खोल्यांच्या घरात रोज रात्री काय धुमसतंय हे पोरांना पुस्तकाआधीच कळलेलं असतं. मात्र अशा वेळी जर्मन लेखक एरिश केस्टनरची जुळ्या बहिणींची गोष्ट सुचवली जाते, तिथे जरा सांभाळून. १९४९ सालची ती कादंबरी आहे फक्कडच, पण त्यात एक आईकडे, एक बाबांकडे राहणाऱ्या मुली घरांची अदलाबदल करतात, एक तापाने फणफणते आणि शेवटी वेगळे झालेले आईबाबा पुन्हा लग्न करतात. माझ्या भाचीला ती कुणीतरी वाढदिवसाला दिली. तेव्हा तिच्या आईवडिलांचं प्रकरण वांद्रे-कुर्ला संकुलातल्या कुटुंब न्यायालयात चालू होतं. बाबांच्या भेटीचा दिवस आला की हिला नेमका ताप! थर्मामीटर लावला की उतरायचा. पुढे एकदा तिनेच सांगितलं, “मग दोघं एकत्र येतील ना माझ्यापाशी.”

नंतर ताईने ब्रिटिश लेखिका जॅकलिन विल्सनचं ‘द सूटकेस किड’ (१९९२) आणलं, इंग्रजीच, वाचता वाचता मराठीत सांगत. त्यातली मुलगी एक आठवडा आईकडे, एक आठवडा बाबांकडे राहते. आईच्या नव्या घरी सावत्र बहिणीबरोबर एकाच खोलीत तिचं जाम वाजतं. आईबाबा शेवटपर्यंत एकत्र येत नाहीत. भाची दोन दिवस फुरंगटून बसली. मग बाबांना फोन करून ठणकावलं, “मुलुंडच्या घरात मला माझा कप्पा हवा, कुलपाचा.”