आजीच्या इरल्याला पुन्हा पानं घालता येतील का?

वेल्ह्याचा नातू:
गावचं जुनं घर उतरवताना माळ्यावर आजीचं इरलं सापडलं, पावसात शेतात काम करताना डोक्यावरून पाठीवर घ्यायचं ते. बांबूची जाळी काळीकुट्ट झालीय पण शाबूत आहे. आतल्या पानांचा मात्र हात लावताच चुरा होतो. कुठली पानं असतात ही? पुण्यात भिंतीवर टांगायचा विचार आहे.

तोरण्याखालची:
पळसाची. शिमग्याला पळस फुलतो, पानं मागनं येतात. कोवळी घेऊ नका, वाळली की आक्रसतात. वैशाखाच्या शेवटाला हाताला जाड लागतात ती घ्या. जाळ्या दोन असतात, पानं त्यांच्या मधी. आधी जाळी रातभर पाण्यात ठेवा, नाहीतर फाकवताना बांबूच्या कामट्या मोडतील. पानं खालनं वर चढवत जायची, कौलं शाकारतात तशी. उलटी लावलीत तर पाणी थेट मानेत. आणि ते काळं पुसू नका, चुलीचा धूर आहे तो. त्यामुळंच कीड लागली नाही.

भिंतीवर कशाला पण? आवणीला, म्हणजे भाताची रोपं लावताना, दिवसभर कंबरेत वाकायचं, दोन्ही हात चिखलात. छत्री कुठल्या हातानं धरणार? वाकलं की इरलं पाठीवर छपरासारखं बसतं. उभं राहिलं की मात्र वारा धरतं. मी एकदा बांधावरनं इरल्यासकट खाचरात बसले होते, सगळी आवणी हसत होती. धाकट्याला आई बांधावर इरल्याखालीच निजवायची. पावसात रडणं ऐकू येत नाही, म्हणून रोपांच्या चार मुठी लावल्या की मान वर करून बघायची.

अकोल्याचा गडी:
आमच्याकडं बायांना इरलं, बाप्यांना घोंगडीची खोळ. भिजली की रेडकाएवढी जड. दादा, पानांच्या भानगडीत पडू नका, मेणकापड घाला. पाच मिनिटांचं काम.

तोरण्याखालची:
घाला की. मग पावसाऐवजी घामानं भिजायचं, एवढाच फरक.

वेल्ह्याचा नातू:
ताई, पानं मे महिन्यात आणतो. आत्याला फोटो पाठवला होता. तिचा लगेच फोन: डाव्या कडेला चिंधी बांधलीय का बघ, म्हशीनं पाय दिला तेव्हा आईनं बांधलेली. आत्ताच धूळ झटकून पाहिलं. आहे, हिरव्या लुगड्याचा काठ आहे.