उद्यमबागेतल्या व्हीएमसी सेटरनं लिंक्डइन-इन्स्टावर काय ठेवावं, काय काढावं?

व्हीएमसी_बेळगाव:
डिप्लोमा मेकॅनिकल, सध्या बेळगावच्या उद्यमबाग औद्योगिक वसाहतीत व्हीएमसीवर (संगणकावर चालणारं उभं कटिंग मशीन) सेटर, म्हणजे जॉब आणि हत्यारं लावून मशीन तयार करणारा. पुणे-कोल्हापूरला प्रोग्रामरच्या जागेसाठी अर्ज करायचाय. लिंक्डइनचं खातं रिकामं. इन्स्टावर मशीनचे रील्स, फेसबुकवर कॉलेजपासूनचं सगळं. मुलाखतीआधी हे बघतात म्हणे. सुरुवात कुठून करू?

शॉपफ्लोअर_मच्छे:
दादा, पहिल्यांदा ते रील्स तपासा. चालू जॉब म्हणजे गिऱ्हाइकाची वस्तू. मागं टेबलावर ड्रॉइंग पडलेलं असतं, पार्ट नंबर वाचता येतो, कंट्रोलरवर प्रोग्राम उघडा असतो. गोपनीयतेचा करार असला तर सरळ त्याचा भंग झाला. आणि नवी कंपनी असा रील बघून काय समजणार? हा उद्या आमचंही ड्रॉइंग दाखवील. असले सगळे काढा.

त्याजागी मालकाला विचारून भंगारातला तुकडा घ्या आणि एकच अडचण दाखवा. उदाहरणार्थ चॅटर, म्हणजे कापताना हत्यार थरथरणं. २० मिमीचा स्टीलचा बोरिंग बार (भोक मोठं करायचं हत्यार) ११० मिमी बाहेर काढला की ओव्हरहँग, म्हणजे बाहेर राहिलेली लांबी, जाडीच्या साडेपाच पट होतो. स्टीलचा बार साधारण चार पटीपर्यंतच नीट चालतो, त्यापुढं बोअरमध्ये, म्हणजे भोकाच्या आतल्या बाजूला, लाटा उमटतात. आता बार ८० वर आणा, फीड-स्पीड तेच ठेवून परत कट घ्या, दोन्ही बोअर शेजारी ठेवून दाखवा. खोलीच जास्त असेल तर कार्बाइडचा (स्टीलपेक्षा ताठ धातूचा) बार, तो सहा पटीपर्यंत जातो, हेही सांगा. ४०-५० सेकंद पुरे. बोला मराठीतच की, खाली इंग्रजी ओळी द्या. पुण्याच्या प्रॉडक्शन मॅनेजरला असल्या एका व्हिडिओवरून तुमचा हात कळतो, नुसत्या संगीतावर फिरणाऱ्या स्पिंडलवरून काहीच कळत नाही.

भरतीवाली_ताई:
लिंक्डइनवर नावाखालच्या ओळीला २२० अक्षरं मिळतात. तिथं ‘नोकरीच्या शोधात’ लिहून ती वाया घालवू नका. भरती करणारे ‘व्हीएमसी’, ‘फानुक’ (मशीनचा कंट्रोलर), ‘मास्टरकॅम’ (प्रोग्राम बनवायचं सॉफ्टवेअर) असे शब्द टाकून शोधतात. पण येतं तेवढंच लिहा, कारण जी७३ आणि जी८३ या ड्रिलिंगच्या कमांडमधला फरक मुलाखतीत विचारला की पितळ उघडं पडतं.

बदल करण्याआधी नेटवर्कला कळवण्याचा पर्याय बंद करा. ‘ओपन टू वर्क’ फक्त रिक्रूटर्सना दिसेल असं ठेवा. हिरवी पट्टी लावली की सध्याच्या मालकालाही दिसते. रिक्रूटर्सपुरतं ठेवलं तरी पूर्ण गुप्ततेची हमी लिंक्डइन देत नाही, हे ध्यानात असू दे.

निपाणीकर:
फेसबुकच्या सेटिंगमध्ये ‘लिमिट पास्ट पोस्ट्स’ आहे, त्यानं जुन्या सार्वजनिक पोस्ट एका दमात मित्रांपुरत्या होतात. उलट करायचं तर मात्र एकेक करत बसावं लागतं.

आपल्या भागातली आणखी एक गोष्ट. १ नोव्हेंबरच्या (कर्नाटक स्थापना दिनाच्या) आसपास सीमावादाचे व्हिडिओ फिरतात. मत जरूर मांडा, तो तुमचा हक्क आहे. पण कुठला, कधीचा हे ठाऊक नसलेला मारामारीचा व्हिडिओ पुढं ढकलू नका. भाषिक तेढ वाढवल्याबद्दल भारतीय न्याय संहितेचं १९६ कलम लागू शकतं, शिक्षा तीन वर्षांपर्यंत. गुन्हा नोंदला की पासपोर्टच्या पोलीस पडताळणीत तो पुढं येतो, मग परदेशी ट्रेनिंगची संधीही अडकू शकते.

व्हीएमसी_बेळगाव:
आणि मित्रांनी टॅग केलेले फोटो?

निपाणीकर:
‘लिमिट’नं ते झाकले जात नाहीत. टॅग काढलात तरी फोटो टाकणाऱ्या मित्राच्या खात्यावर तो राहतोच. त्यालाच फोन करून डिलीट करायला सांगा. आणि पुढच्यासाठी, टॅग झालेल्या पोस्ट तुमच्या प्रोफाइलवर येण्याआधी तपासायचा पर्याय आजच चालू करा.