‘अर्ज आधीच चालू आहे’: एका वेळी एकच प्रत, ही सक्ती कशासाठी?

अर्धविराम (धागा)

काल एका किराणा दुकानात दीड तास गेला. बिलिंगचा प्रोग्रॅम उघडला की एकच खोका: ‘अर्ज आधीच चालू आहे.’ (ॲप्लिकेशनचं भाषांतर ‘अर्ज’ करणाऱ्याला साष्टांग नमस्कार.) टास्कबारवर काही नाही, टास्क मॅनेजरमध्येही नाही. शेवटी फोल्डरमध्ये एक शून्य बाइटची फाइल सापडली. प्रोग्रॅम सुरू होताना ती बनवतो आणि बंद होताना पुसतो. परवा मध्येच वीज गेली, पुसायची राहिली. मी ती डिलीट केली आणि गाडी सुरू. मालक तोवर हाताने बिलं फाडत होते.

माझं म्हणणं असं, की ‘एकच इन्स्टन्स’ची (प्रोग्रॅमची एका वेळी एकच प्रत चालू देणारी) तयार लायब्ररी लोक विचार न करता चिकटवतात. कुलूप लावायचं तर डेटाला लावा, प्रोग्रॅमला कशाला? लिबरऑफिस बघा. फाइल उघडली की तिच्या शेजारी एक लपलेली लॉक फाइल बनते, तीत उघडणाऱ्याचं नाव असतं. दुसरा आला की विचारतं, नुसती वाचायला उघडू का? मालकांना गेल्या वर्षीचा खातेउतारा आणि यंदाचा शेजारी-शेजारी बघायचा असेल तर ‘नाही’ म्हणणारा प्रोग्रॅम कोण?

माऊसवाले काका

अजिबात पटलं नाही. तुम्ही काउंटरवर बसलेले दिसत नाही. आमच्याकडे माणूस लिंकवरही डबल क्लिक करतो. पीसी जुना, खिडकी यायला आठ सेकंद लागतात, तेवढ्यात तो आणखी तीनदा क्लिक करतो. झाल्या चार प्रती! प्रत्येकीने सुरू होतानाच ‘पुढचा बिल नंबर १०४३’ वाचून ठेवलेला. संध्याकाळी एकाच नंबरची दोन बिलं. जीएसटीच्या नियम ४६ प्रमाणे बिलाचा क्रमांक त्या आर्थिक वर्षात एकमेव असावा लागतो, सीए माझ्या नावाने शंख करतो.

व्हीबी ६ मध्ये (व्हिज्युअल बेसिक, मायक्रोसॉफ्टची जुनी प्रोग्रॅमिंग भाषा) ‘ॲप डॉट प्रिव्ह-इन्स्टन्स’ ही एक ओळ लिहिली की काम व्हायचं. वीस वर्षं चाललंय, कुणाची तक्रार नाही.

अर्धविराम

काका, उद्या मालकांनी दुसरा काउंटर टाकला, दुसरा पीसी लॅनवर जोडला, तर? तुमची ती ओळ त्याच पीसीपुरतं बघते. १०४३ पुन्हा दोनदा छापला जाणार. नंबर डेटाबेसने सेव्ह करताना द्यायचा आणि त्या कॉलमवर युनिक बंधन (एकच नंबर दोनदा चालणार नाही) घालायचं. प्रोग्रॅम मग दहा वेळा उघडू दे.

डीएलएल-दास

धागाकर्त्याचा राग बरोबर, आरोपी चुकीचा. दोष त्या शून्य बाइटच्या लॉक फाइलचा आहे. विंडोजवर नाव दिलेला म्युटेक्स (मेमरीतलं कुलूप) घ्या. दुसरी प्रत तोच बनवायला गेली की एरर १८३ येतो, म्हणजे ‘आधीच आहे’. प्रोग्रॅम कोसळला तर त्याचं हँडल (त्या कुलपावरची पकड) कर्नलच, म्हणजे विंडोजचा गाभाच, बंद करतो. वीज गेली तर प्रश्नच नाही, तो डिस्कवर नसतोच. लिनक्सवर एफलॉक या फाइल-कुलपाचं तसंच. सगळ्यात वाईट म्हणजे नुसता पीआयडी (चालू प्रोग्रॅमचा, म्हणजे प्रोसेसचा, नंबर) लिहिलेली फाइल, कारण तोच नंबर उद्या भलत्याच प्रोसेसला मिळतो. क्यूटी या टूलकिटचं क्यू-लॉकफाइल निदान पीआयडीसोबत प्रोग्रॅमचं नावही पडताळून बघतं.

तरी म्युटेक्समध्येही खड्डे आहेत. सी-शार्पमध्ये तो ‘मेन’मधल्या (प्रोग्रॅम जिथून सुरू होतो ते फंक्शन) साध्या व्हेरिएबलमध्ये ठेवला आणि पुढे कुठे वापरला नाही, तर रिलीज बिल्डमध्ये (ग्राहकाला देतो त्यात) गार्बेज कलेक्टर, म्हणजे न लागणारी मेमरी मोकळी करणारा, तो उचलून नेतो. आपल्याकडच्या डीबग बिल्डमध्ये सगळं छान, ग्राहकाकडे दुसरी प्रत खुशाल उघडते. मी यात एक शनिवार-रविवार घालवलाय.

जाता जाता: विन-मेनमध्ये (विंडोज प्रोग्रॅमचं सुरुवातीचं फंक्शन) आधीच्या प्रतीचा हँडल यायचा, १६ बिटच्या काळात. ३२ बिट आल्यापासून तिथे कायम शून्य येतं, पण तो पॅरामीटर अजून तसाच बसलेला आहे.

पेंग्विनप्रेमी

तुम्ही सगळे लायब्ररीला रखवालदार समजताय. तिचं खरं काम निरोप्याचं. जीटीके या टूलकिटमध्ये जी-ॲप्लिकेशन डी-बसवर (प्रोग्रॅम एकमेकांना निरोप पाठवतात ती सोय) एक नाव घेतं. दुसरी प्रत आली, नाव आधीच घेतलेलं दिसलं, की ती ‘ही फाइल उघड’ एवढं पहिलीला कळवून निघून जाते. इलेक्ट्रॉनमध्ये (डेस्कटॉप ॲप बनवायचं साधन) हेच ‘सेकंड-इन्स्टन्स’ इव्हेंटने होतं. खोका दाखवायची गरजच नाही.

आणि अर्धविराम, डेटाला लावलेलं कुलूपसुद्धा अडकतं बरं का. लिनक्सवर क्रोम प्रोफाइलच्या फोल्डरमध्ये एक सिमलिंक (दुसरीकडे बोट दाखवणारी फाइल) ठेवतो, तिच्यात होस्टचं, म्हणजे पीसीचं, नाव आणि पीआयडी. क्रोम कोसळला आणि मग तुम्ही पीसीचं नाव बदललंत, की तो म्हणतो, ‘हे प्रोफाइल दुसऱ्या कॉम्प्युटरवर वापरात आहे.’ तुमची ती लिबरऑफिसची फाइलही वीज गेल्यावर उरतेच.

अर्धविराम

उरते, कबूल. पण ती उरली तरी मला विचारते, हाकलून देत नाही.

रात्रपाळी

आमच्याकडे एकाच सर्व्हरवर रिमोट डेस्कटॉपने सात जण काम करतात. एका प्रोग्रॅमच्या म्युटेक्सच्या नावाच्या सुरुवातीला ‘ग्लोबल’ लावलेलं. सकाळी जो आधी लॉगिन करेल त्याचाच प्रोग्रॅम उघडायचा, उरलेले सहा जण चहाला! ‘लोकल’ केलं तेव्हा प्रत्येक सेशनचा (लॉगिनचा) हिशोब वेगळा झाला. काकांच्या त्या एका ओळीत हे कुठे लिहायचं?

माऊसवाले काका

रात्रपाळी, माझ्या दुकानदाराकडे सर्व्हर नाही, एक पीसी आणि एक इन्व्हर्टर आहे. ती एका ओळीची तपासणी मी काढणार नाही. बिल नंबर टेबलातून घेण्याचं मात्र मान्य, या आठवड्यात करतो. आणि निरोप्याची कल्पना मी करून पाहिली होती. पहिली खिडकी पुढे येतच नाही, टास्कबारवर नुसतं केशरी लुकलुकतं. गिऱ्हाइकाला वाटतं काहीच झालं नाही, तो परत क्लिक करतो.

डीएलएल-दास

काका, कारण विंडोज मागे पडलेल्या प्रोग्रॅमला स्वतःहून पुढे घुसू देत नाही. वापरणाऱ्याने आत्ता क्लिक केलंय ते दुसऱ्या प्रतीवर, म्हणजे पुढे यायचा हक्क तिचा. निरोप द्यायच्या आधी तिने ‘अलाउ-सेट-फोरग्राउंड-विंडो’ला पहिलीचा पीआयडी देऊन तो हक्क सोपवायचा, आणि मगच बंद व्हायचं.

माऊसवाले काका

आणि पहिली खिडकी मिनिमाइज केलेली असेल तर?

डीएलएल-दास

आधी रिस्टोर, मग पुढे.