फिफा ९८ : तुम्ही भारताला कुठवर नेलंत?

१९९७ साली आलेला 'फिफा : रोड टू वर्ल्ड कप ९८' हा फुटबॉलचा कॉम्प्युटर गेम कोणकोण खेळलंय? तब्बल १७२ देश त्यात होते. कुठलाही घ्या आणि पात्रता फेरीपासून सुरू करा. खरा भारत पहिल्याच गटात गारद झाला होता. मी मात्र दहावीच्या वर्षी त्याला फ्रान्सला, थेट वर्ल्ड कपला नेला. पातळी 'अमॅच्युअर', पण नेला! येऊ द्या तुमचे किस्से.

*

सुरुवातीचं ब्लर या ब्रिटिश बँडचं 'वू-हू' गाणं लागलं की आई स्वयंपाकघरातून ओरडायची, "झालं का सुरू!"

*

जॉयस्टिक कुणाकडे होती? एका कीबोर्डवर आम्ही दोघं, मांडीला मांडी लावून. एकदम चार-पाच बटणं दाबली की कीबोर्ड गप्प बसतो, हे धाकट्याला माझ्याआधी कळलं. मी गोलसमोर आलो रे आलो की हा आपली तीन बटणं दाबून धरायचा. माझा खेळाडू पळतोय पळतोय, किक काही बसत नाही. मी वर्षभर कीबोर्ड उलटा करून झटकत होतो. त्याने कबूल केलं ते स्वतःच्या लग्नात, सगळ्यांसमोर, माइकवर.

*

आमची सीडी फुटपाथवरची. जागा वाचवायला कुणीतरी समालोचनच कापलेलं. जॉन मॉट्सनचा आवाज मी थेट नोकरीला लागल्यावर ऐकला.

*

कोल्हापूरकर हजर! संघ आणि खेळाडू बदलायची सोय होती, मग काय. एका परदेशी क्लबचं नाव खोडून आमच्या तालमीच्या फुटबॉल संघाचं घातलं, जर्सीचे रंग जुळवले आणि पेठेतली पोरं घेतली. अकरात कोण, यावरून शाहू स्टेडियमवर होत नाहीत एवढी भांडणं सायबर कॅफेत. शेवटी ठरलं, तासाचे पैसे जो देईल तो स्ट्रायकर. मी जन्मभर राखीव.

*

मला फक्त इनडोअर आवडायचं. पाच-पाच जण, बॉल भिंतीला आपटून परत आत. थ्रो-इन नाही की काही नाही. दादा क्लासला गेला की माझं राज्य. स्कोअर मात्र त्याच्याच नावावर जमा.

*

सगळं वाचलं, पण धागाकर्त्या, फ्रान्सला गेल्यावर काय झालं ते कुठंय?

*

गटात कोण आलंय ते बघून झोपलो. सकाळी काकाने विंडोज ९८ टाकायला कॉम्प्युटर फॉरमॅट केला.