वरून दंगा, आतून कळ: असं पात्र असलेला गेम किंवा अ‍ॅनिमे सुचवा

झिम्माड: भाचीच्या मोबाईलवर प्रोजेक्ट सेकाई या गाण्यांच्या गेममधली एमू ओतोरी पाहिली. गुलाबी केस, सारख्या उड्या, 'वंडरहॉय!'. आधी डोकं उठलं. मग कळलं, आजोबांच्या पार्कातलं लाडकं स्टेज तिचे भाऊच पाडायला निघालेत, म्हणून ही तिथे शो उभा करायला धडपडतेय. तसलंच काही हवंय. बजेट १००० रुपये, वेळ एक वीकएंड, लॅपटॉप जुना, ग्राफिक्स कार्ड नाही. मोबाईल गेम नको, गाचात (लॉटरीसारखी पात्रं काढण्यात) पैसे जातात.

टोफू_आणि_ताक: पर्सोना ४ गोल्डन हा गेम. त्यातली रिसे कुजिकावा ऐन प्रसिद्धीत आयडॉलगिरी (जपानी पॉप गायिकेचं काम) सोडून आजीच्या टोफूच्या दुकानात येऊन राहते. लोकांना स्टेजवरची 'रिसेट' आवडते, पण खरी रिसे कोणती, हे तिचं तिलाच कळत नाही. मी ८० तासांत संपवला.

रात्रपाळी: एका वीकएंडात ८० तास? नियर ऑटोमाटा हा गेम घ्या. त्यातली ऑपेरा गाणारी यंत्रबाई, एकानं आपल्याकडे बघावं म्हणून नटून नटून राक्षसीण झालेली. तिला मारून मी कंट्रोलर खाली ठेवला. माझ्याकडे सगळं अल्ट्रा ग्राफिक्सवर चालतं.

झिम्माड: ग्राफिक्स कार्ड नाही हो!

रात्रपाळी: मग घ्या की.

खवट_काका: आयडॉलचं दुःख दिग्दर्शक सातोशी कोननं १९९७ मध्येच 'परफेक्ट ब्लू' या अ‍ॅनिमे सिनेमात सांगून टाकलंय. मीमा गाणं सोडून नटी होते आणि तिचंच जुनं रूप तिचा पिच्छा पुरवतं. ८१ मिनिटं. बाकी पोरखेळ.

मोदक_९: काका, मीमा दंगेखोर कुठेय? आणि ताई, भाचीला शेजारी बसवू नका. मी आईसोबत लावला होता, त्यानंतर आठवडाभर रिमोट आईकडे. 'ओशी नो को' ही अ‍ॅनिमे मालिका बघा, पहिलाच भाग जवळपास दीड तासाचा. त्यातल्या आयडॉल आइ होशिनोला प्रेम ठाऊकच नाही. सगळ्यांना खोटं खोटं 'आवडता' म्हणत राहते, कधीतरी खरं होईल म्हणून.

खवट_काका: गोष्ट फोडलीत, आम्ही पाहिलं नव्हतं अजून. आभार.

मोदक_९: २०२३ चं आहे काका!

सुकी_भेळ: 'लव्ह लाइव्ह' या अ‍ॅनिमेची निको राहिली. शाळेतल्या आयडॉल क्लबातल्या आधीच्या पोरी गळाल्या, ही एकटी त्या खोलीत चिकटून बसली.

टोफू_आणि_ताक: तिचं सारखं 'निको निको नी' कानाला सहन होत नाही. पर्सोनाच.

झिम्माड: सगळ्यांचे आभार. शेवटी भाचीचाच गेम टाकला. एमूसोबतचा तो त्सुकासा, स्वतःला स्टार म्हणवणारा? आजारी धाकट्या बहिणीला हसवायचं म्हणून निघाला होता आणि मधेच तेच विसरला. त्या प्रसंगाला मला भाचीसमोर रडू आलं. हजार रुपये शाबूत आहेत. अजून तरी.