जात्यावरच्या ओव्यांचं जुनं रेकॉर्डिंग वापरून रचना करायचीय, घरघर ठेवू का काढू?

खुंटा_धरलेली: पारीच्या (पीपल्स आर्काइव्ह ऑफ रूरल इंडिया, ग्रामीण भारताचा ऑनलाइन संग्रह) साइटवर ओव्या ऐकतेय सध्या, हेमा राईरकर आणि गी पॉइटवाँ यांनी गावोगाव फिरून लाखभराच्या वर ओव्या जमवल्या आणि त्यातल्या काही बर्नार्ड बेल यांनी 90च्या दशकात टेपवर घेतल्या. मला मुळशीकडच्या चारेक ओव्या घेऊन चेलोसोबत पंधरा मिनिटांची रचना करायचीय. पण क्लिप 80च्या टेम्पोवर टाकली की बाई मागेपुढे होते, वार्प करून (सॉफ्टवेअरने ताणून ठोक्यावर) बसवली की आवाज रबरासारखा ताणला जातो. आणि पाठीमागची घरघर काढावी का? परवानगीचं पण सांगा कोणीतरी.

रीळवाला: वार्प आधी बंद करा. दळणारी बाई क्लिकच्या ठरावीक ठोक्यावर गात नाही, हाताच्या ओढीवर गाते, वैरण, म्हणजे मूठभर दाणे, टाकताना चाल सैल पडते आणि तीच तर मजा आहे. हाताने मार्कर लावा, प्रत्येक ओळ सुटते तिथे एक, आणि चेलोवाल्याला हेडफोनमध्ये फक्त तिचा आवाज द्या, त्याला तिच्यामागे जाऊ दे. घरघरीला तर हातच लावू नका, नॉइज रिडक्शन मारलं की जात्यासोबत स, श, च पण खाल्ले जातात आणि बाई पाण्याखालून गातेय असं वाटतं. लाइटचा हम असेल तर तो वेगळा, 50 आणि 100 हर्ट्झवर बारीक नॉच (तेवढाच सूर कापणारा फिल्टर) लावा, बास.

बखर_वाचक: साइटवर ऐकायला मिळतं म्हणजे वापरायला मोकळं असं नाही हां. आपल्याकडे रेकॉर्डिंगचा कॉपीराइट प्रसिद्धीनंतर 60 वर्षं, गाणाऱ्याचा हक्क 50 वर्षं, आणि 2012च्या दुरुस्तीनंतर नाव लावून घ्यायचा आणि विद्रूप करू न देण्याचा हक्कही गाणारीला आहे. जुन्या गायिका गौहर जानच्या 1902च्या तबकड्यांची गोष्ट वेगळी, ह्या बायकांपैकी कितीतरी जणी आज घरी असतील. पारीला लिहा, आणि जमलं तर गावात जाऊन त्यांना किंवा घरच्यांना ऐकवा. नाव आणि गाव दोन्ही टाका.

शेवंता_शिरूर: माझं एकच मागणं, ओवी अर्ध्यात तोडू नका. पहिल्या ओळीत नुसती वाट दिसते, दुसऱ्या ओळीत भाऊ येतो, लेक येते, सासर येतं. पारीवरच माजलगावच्या बायकांच्या बाबासाहेबांवरच्या ओव्या आहेत, त्यातला एखादा शब्द कापून लूप केला तर ऐकणाऱ्याला नुसता छान गावरान आवाज मिळणार आणि बाई काय म्हणत होती ते गेलंच की.

खुंटा_धरलेली: वार्प काढलं, खरंच श्वास परत आला तिचा. ओव्या पूर्णच ठेवते. पत्रासोबत कच्चा तुकडा जोडू का?

बखर_वाचक: जोडा, आणि कुठे वाजवणार, तिकीट लावणार का, तेही स्पष्ट लिहा.